तोबेबाईंचा योहेई

मे महिना अर्धा सरला की एके सकाळी मला शिंकांमागून शिंका सुरू होतात आणि माझा नवरा नितीन किचनमधून ओरडतो, "आला गं तुझा सण!" त्या दिवसापासून जुलै संपेपर्यंत मी माणसात नसते. डोळे लाल, नाक चालू, टाळूला आतून खाज. नागपूरच्या उन्हाळ्यात, धुळीत, वाळ्याच्या कूलरसमोर माझं सगळं लहानपण गेलं, तिथे कधी साधी सर्दी झाली नाही. आणि इथे इंग्लंडमध्ये रीडिंगला आल्यावर मला लोळवलं कोणी, तर गवताने. गवताच्या तुऱ्यातून उडणाऱ्या, डोळ्यांना न दिसणाऱ्या भुकटीने. आईला फोनवर सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "गवताने कोणी आजारी पडतं का गं? काहीतरी फॅशन तुमची!"

इथल्या लोकांचा हा सगळ्यात लाडका काळ. संध्याकाळ संपता संपत नाही, ऑफिसातून आलेली माणसं बागेत खुर्च्या टाकून बसतात, शेजारून कोळशाचा धूर येतो आणि हसणं ऐकू येतं. मी खिडक्या लावून आत बसते आणि चिडचिड करते. ती सगळीच काही नाकामुळे नसते. या दिवसांत मला तोबेबाई ऐकू येतात. आठवतात असं म्हणत नाही, कारण चेहरा आता पुसट झालाय. आवाज मात्र अजून कानात जसाच्या तसा आहे.

दोन हजार पाच-सहाच्या सुमाराची गोष्ट. मी तेव्हा ज्या कंपनीत होते ती गाडीत लावायची, रस्ता सांगणारी यंत्रं बनवायची. आता फोनच सगळं सांगतो, पण तेव्हा काचेला चिकटवायच्या त्या डबीचं केवढं अप्रूप होतं! मी टेस्टर. त्या वर्षी यंत्राला जपानी बोलायला शिकवायचं ठरलं आणि ग्रॅहम नावाच्या माझ्या मॅनेजरने ते काम माझ्या गळ्यात टाकलं. "मला जपानीचं अक्षर येत नाही," मी म्हटलं. "उत्तम," तो म्हणाला, "म्हणजे निदान या वेळी तू वाद घालणार नाहीस." माझी कीर्ती तोवर बरीच पसरली होती.

आवाज द्यायला तोबेबाई मिळाल्या. खरं तर तोबे-सान. पण ते 'सान' आपल्या बाई, साहेब, रावसारखं सरसकट सगळ्यांना लागतं असं कळल्यावर मनातल्या मनात मी त्यांची तोबेबाई करून टाकली. साठीला टेकलेल्या, चणीने लहान, केस कानापर्यंत कापलेले. यजमान एका जपानी कंपनीत इंजिनियर. बदलीवर इथे आले आणि रिटायर झाल्यावर इथेच राहिले. बाई स्वतः जपानमध्ये आवाजाच्या नटी होत्या. टीव्हीवरच्या कार्टूनमधल्या माणसांना आवाज देणाऱ्या. तिकडे त्यांचा आवाज घराघरात ठाऊक होता आणि चेहरा भाजीवाल्यालासुद्धा ठाऊक नव्हता. त्यांना ते फार सोयीचं वाटायचं.

स्टुडिओ म्हणजे गावाबाहेर शेतातलं एक जुनं कोठार. आतून फोम लावून गप्प केलेलं. काचेची वेगळी खोली वगैरे लाड नव्हते. एका कोपऱ्यात माइक आणि बाई, दुसऱ्या कोपऱ्यात कॉम्प्युटर आणि मी. चारी बाजूंनी गुडघ्याएवढं गवत, कापणीला आलेलं. ट्रॅक्टर फिरायला लागला की काम थांबवायचं. बाईंना गाडी येत नव्हती, त्यामुळे दुपारी त्यांना न्यायचं-आणायचं काम माझंच. रस्ता सांगणारा आवाज माझ्या शेजारच्या सीटवर बसलेला असायचा आणि डावीकडे कुठे वळायचं ते मी त्याला सांगायचे.

पहिल्या दिवशी भर दुपारी मी दारात उभी, तर बाई वाकून म्हणाल्या, "गुड मॉर्निंग." मला वाटलं, इंग्रजी कच्चं आहे. गाडीत त्यांनीच खुलासा केला. त्यांच्या धंद्यात भेट कुठल्याही वेळी होवो, संध्याकाळी सातला स्टुडिओत पाऊल टाका, पहिला शब्द सुप्रभातच. "कामाला उभं राहिलं की सकाळ," त्या म्हणाल्या. मला ते आवडलं, पण दुसऱ्या दिवशी मीही तसं म्हणाले तेव्हा लाजल्यासारखं झालं.

कोठारात शिरल्यावर त्यांनी मला नखशिखांत तपासलं. सुती कुर्ता पास झाला. ओढणीला टिकल्या होत्या, ती बाहेर खुंटीला गेली. मग हातातल्या बांगड्या. एक काही केल्या निघेना, तर बाईंनी स्वतःचा रुमाल तिच्याभोवती असा आवळून बांधला की मला वाटलं हात मोडलाय माझा. मग डब्यातून भाताचे दोन गोळे काढले, एक त्यांना, एक मला. खायचाच. पोटात कावळे ओरडले तर आपल्याला कळण्याआधी माइकला कळतं म्हणे.

काम कंटाळवाणं होतं, असं मला वाटत होतं. प्रत्येक आकडा, प्रत्येक दिशा दोनदा म्हणायची. एकदा वाक्य पुढे चालू राहणार आहे अशी, एकदा वाक्य इथेच संपलं अशी. यंत्र नंतर तुकडे जोडून घेतं. "तीनशे मीटर" म्हणताना बाई शेवटी आवाज किंचित वर ठेवत, आणि लगेच तेच शब्द असे खाली आणून टेकवत की ऐकणाऱ्याने ब्रेकवर पाय ठेवावा. मला भाषेचं ओ की ठो कळत नव्हतं, तरी कुठला तुकडा कुठे बसेल ते डोळे मिटून सांगता येई.

त्यांनाही गवत बाधायचं. तोंडाला पांढरा मास्क लावून त्या गाडीत बसत, तेव्हा सिग्नलला शेजारच्या गाड्यांतली माणसं वळून बघत. गोळी घेत नसत, गोळीने घसा कोरडा पडतो म्हणून. पाऊस पडून गेला की हवा धुऊन निघायची आणि त्यांचा आवाज स्वच्छ व्हायचा. कोरड्या, उन्हाच्या दिवसांत सगळे टेक वाया. आख्खं रीडिंग उन्हासाठी हात जोडून बसलेलं असताना आम्ही दोघी आभाळाकडे बघून पाऊस मागायचो.

ट्रॅक्टर चालू असला की आम्ही दार लावून आत बसायचो आणि बाई त्यांचं आयुष्य सांगायच्या. सलग नाही, तुकड्यातुकड्यांनी. एका लहानशा नाटकमंडळीत होत्या. बुटक्या म्हणून सगळी लहान मुलांची कामं यायची. तिशीच्या आत त्यांना योहेई मिळाला. योहेई म्हणजे न्हाव्याचा मुलगा, वय वर्षं आठ, वडिलांच्या सलूनवरच्या खोलीत राहणारा. मालिका वर्षानुवर्षं चालली. बाईंची चाळिशी आली, पन्नाशी उलटली, गुडघे दुखायला लागले, योहेई आठचाच. रेकॉर्डिंगला सगळी मंडळी कागद हातात धरून एका खोलीत बसायची. आपलं वाक्य आलं की उठून माइकशी, झालं की आवाज न करता मागे, आणि पान उलटायचं तेही कागदाला कळू न देता. दाराशी नवी मंडळी बसायची. मोठ्यांसाठी दार उघडायचं, लावायचं, आणि ऐकून ऐकून शिकायचं.

घरी तालीम व्हायची ती यजमानांबरोबर. तोबेसाहेब ऑफिसातून आले की टाय सैल करून न्हाव्याची, म्हणजे योहेईच्या वडिलांची, वाक्यं वाचायचे. "अभिनय शून्य," बाई हसत म्हणाल्या. "राग असो, माया असो, सगळं एका सुरात. मशीनचं माहितीपत्रक वाचल्यासारखं." पण आयुष्यभर वाचत आले. इंग्लंडला आल्यावरही बाई अधूनमधून विमानाने टोकियोला जात, एका खेपेत पुष्कळ भाग उरकून परत येत, आणि जाण्याआधी या रीडिंगच्या सेमी-डिटॅच्ड घराच्या किचनमध्ये न्हावी आणि त्याचा मुलगा तालीम करत. मूलबाळ झालं नाही, हेही त्यांनी मध्येच सांगून टाकलं.

आणि मग आधीच्या हिवाळ्यात साहेबांना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली, वाचा गेली. माणूस घरी आला, पण त्याच्याकडे शब्द नव्हता. बाई बोलत, ते बघत राहत, चिडत, डाव्या हाताने ब्लँकेट ओढत. असे आठवडेच्या आठवडे गेले. एका संध्याकाळी बाई किचनमध्ये एकट्याच तालीम करत होत्या, दारातून शिरल्यासारखा योहेई म्हणाला, "आलो!" आणि बाहेरच्या खोलीतून आवाज आला, "हात धुतलेस का?"

त्याच एका सुरात.

स्पीच थेरपिस्ट म्हणाली, असं होतं. नवं वाक्य जुळवता येत नाही, पण वर्षानुवर्षं घोकलेलं कुठेतरी शिल्लक राहतं. तेवढंच हातात आहे, रोज वापरा, वापरलं नाही तर तेही जाईल. म्हणून मग रोज संध्याकाळी बाई योहेई व्हायच्या. योहेईच्या आवाजात विचारलं की साहेब न्हाव्याचं उत्तर द्यायचे. बायको म्हणून विचारलं की काही नाही. "मला वाईट वाटायचं नाही," त्या म्हणाल्या. मला वाटलं असतं. मी तर भांडले असते.

मग त्या मे महिन्यात टोकियोहून फोन. साहेबांना सोडून बाईंना जाता येत नव्हतं, मालिका थांबणार नव्हती. भूमिका दुसऱ्या मुलीकडे द्यायचं ठरलं. ती मुलगी त्याच मालिकेत कुठे शेजारची पोर, कुठे कुत्र्याचं पिल्लू, कुठे बाजारातली गर्दी व्हायची. बाकीचा वेळ दाराजवळ बसायची. बाईंनी तिला फोनवर योहेई दिला. तो हसण्याआधी श्वास कसा घेतो, खोटं बोलताना कुठल्या शब्दावर घाई करतो, रडू आलं की आवाज बारीक न होता जाड कसा होतो, सगळं. आणि शेवटी शब्द दिला. बाईंच्या गुरूंची शिस्त अशी की सोडलेला आवाज घरात ठेवायचा नाही. ज्याने दिला त्याने तो पुन्हा काढायचा नाही, न्हाणीघरातसुद्धा नाही. नाहीतर ज्याला दिला त्याच्या गळ्यात तो पुरता उतरत नाही.

मी गाडी चालवत होते. ऐकता ऐकता वळण चुकले आणि सरळ मोटारवेला लागले. "म्हणजे संध्याकाळी तुम्ही आता..."

"बंद," त्या म्हणाल्या.

म्हणजे सगळं उघड होतं. शब्द पाळायचा तर नवऱ्याकडे उरलेले शब्द जाणार. नवऱ्याचे शब्द राखायचे तर त्या मुलीला दिलेला शब्द जाणार. आणि बाई तिसरी कुठली वाट शोधतही नव्हत्या. रोज दुपारी डावीकडे वळा, उजवीकडे वळा म्हणत होत्या, तेही दोनदोनदा.

त्या दिवसांत मी त्यांना घरी सोडायला गेले की साहेब हॉलमध्ये दिसायचे. दिवसा सांभाळायला येणाऱ्या केअररने त्यांना तिथल्या खुर्चीत बसवलेलं असायचं, पुढच्या दाराच्या काचेकडे तोंड करून. त्यांना आत बसायचंच नसे. आणि एकच वाक्य म्हणायचे. बाईंनी मला त्याचा अर्थ सांगितला होता: "दिवे लागले, पोरगं अजून आलं नाही." मालिकेत न्हावी सलूनचा दिवा लावताना हे म्हणायचा आणि पुढच्या क्षणाला योहेई दारातून शिरायचा. इथे जूनमध्ये दिवे लागायला दहा वाजतात. सहापासून दहापर्यंत तो माणूस उजेडात बसून दिवे लागले म्हणत होता, आणि पोरगं येत नव्हतं. पुढे पुढे ते वाक्यही तुटायला लागलं. आधी 'दिवे' गेले. मग नुसतं "अजून... अजून..."

एक दिवस मला राहवलं नाही. गाडी त्यांच्या गेटशी थांबवली आणि इंजिन बंद न करताच म्हटलं, "तुम्ही बोला ना त्या आवाजात! टोकियोत कोणाला ऐकू जाणार आहे?"

"मला ऐकू येईल," त्या म्हणाल्या.

"हा नुसता हट्ट आहे. ते तिकडे बसून वाट बघतायत, आणि तुम्हाला तुमची शिस्त पडलीय."

बाई मास्क काढून माझ्याकडे वळल्या. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. "ती मुलगी इतकी वर्षं दाराजवळ बसली," त्या म्हणाल्या. "तिला मी अर्धा मुलगा देऊ?"

मी घरी आले आणि नितीनवर डाफरले. तो म्हणाला, "मी काय केलं?" काहीच केलं नव्हतं बिचाऱ्याने.

आज इतक्या वर्षांनी विचार करते तेव्हा वाटतं, मला राग बाईंचा आला नव्हता. माझ्याकडे तसं धरून ठेवण्यासारखं काहीच नव्हतं, याचा आला होता. मी इथे आले आणि पहिल्या सहा महिन्यांत माझा आवाज बदलला. मीटिंगमधला वेगळा, दुकानात पैसे द्यायला उभी असतानाचा वेगळा, 'सॉरी' हा शब्द तर मी अशा सुरात म्हणते की माझ्या शाळेतल्या मैत्रिणींनी ऐकलं तर हसून लोळतील. नागपूरचा आवाज फक्त रविवारी, आईशी फोनवर. कोणाला विचारून बदलला नाही, कोणाला दिलाही नाही, कुठे पडला ते बघायला मागे वळले नाही. आणि ही बाई एका कागदी मुलाच्या आवाजासाठी जिवाला एवढं लावून घेत होती! मला ते तेव्हा वेडेपणाचं वाटायचं. आता वाटत नाही. तोबेसाहेब दोन हिवाळ्यांनंतर गेले, बाई जपानला परतल्या, मालिका अजून चालू आहे म्हणतात, आणि कोठाराचं आता कोणीतरी घर केलंय. त्या रस्त्याने जाताना मी गाडीची काच वर करते आणि पुढे बघते.

त्या वर्षी जूनच्या अखेरीस, एका शनिवारी, दीक्षितकाकांकडे बार्बेक्यू होता. दीक्षितकाका सत्तरच्या दशकात इथे आलेले, रेल्वेतून निवृत्त, आणि आमच्या मंडळाचे कायमचे अध्यक्ष. निवडणूक झाली तरी आणि न झाली तरी. मीच बाईंना आग्रह केला, साहेबांनाही घेऊन या, चार माणसांत बसतील. हिरवळ सकाळीच कापलेली होती. बाईंचे डोळे गाडीतून उतरतानाच सुजले.

आता आपल्या लोकांचं एक असतं. पाहुण्याला जेवू घालून सोडत नाहीत. त्याच्याकडून काहीतरी म्हणवून घेतात. गाता येतं? मग होऊन जाऊ दे. येत नाही? मग तर होऊनच जाऊ दे. बाई काय काम करतात ते मी मिसेस दीक्षितांना सांगितलं होतं, आणि कणसं भाजून व्हायच्या आत ते बागभर झालं.

"आजोबा, ही लेडी खरंच बॉयची व्हॉइस करतो?" काकांची नात तारा विचारत होती. "मला ऐकायचा आहे!"

"करतात म्हणजे! फेमस आहेत त्या जपानमध्ये," काका म्हणाले, आणि टाळ्या वाजवून सगळ्यांना गप्प केलं. "मंडळी, लिसन प्लीज! अगं मंजिरी, विचार त्यांना, एक छोटासा आयटम होऊन जाऊ दे. पोरं वाट बघतायत."

"काका, नको. त्यांचा घसा बसलाय," मी म्हटलं.

"अगं, लाजतायत त्या. आग्रह करावा लागतो."

बाईंना शब्द कळले नाहीत, पण सगळ्या माना आपल्याकडे वळल्यात हे कळलं. त्या उठल्या. संध्याकाळी पाच वाजता "गुड मॉर्निंग" म्हणाल्या, लोक हसले. मग सरळ उभं राहून त्यांनी यंत्राच्या आवाजात जपानीतून रस्ता सांगितला आणि हाताने दीक्षितकाकांच्या शेडकडे डावं वळण दाखवलं. काय हशा पिकला! टाळ्या पडल्या. मी सुटकेचा श्वास टाकला.

"हे झालंच हो," काका म्हणाले, "पण आमच्या बच्चे कंपनीला तो मुलगा पाहिजे. काय गं नाव त्याचं? योहेई! म्हणा रे सगळे, योहेई! योहेई!"

पोरांना तेवढंच हवं होतं. ती कागदी प्लेट्सवर ताल धरून ओरडायला लागली. आणि मागे, सफरचंदाच्या झाडाखाली बसवलेले तोबेसाहेब खुर्चीच्या हाताला धरून उठले. कोणाच्या मदतीशिवाय. फाटकाकडे तोंड केलं आणि मोठ्यांदा, सगळ्या बागेला ऐकू जाईल असं म्हणाले, "अजून आलं नाही!"

दीक्षितकाका म्हणाले, "वा! क्या बात है! साहेबांनी पण डायलॉग मारला!" आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

कोणाचं मन वाईट नव्हतं. हे मला आजही कबूल करावं लागतं, आणि करताना जड जातं. साहेबांनी ते पुन्हा म्हटलं. पुन्हा टाळ्या, कोणीतरी "वन्स मोअर!" म्हणालं. त्यांनी पुन्हा म्हटलं. त्यांचे गाल ओले झाले होते आणि डावा हात फाटकाच्या दिशेने लांब झाला होता. टाळ्या विरळ होत गेल्या. एक-दोघांनी चालूच ठेवल्या, कारण थांबायचं कसं ते त्यांना कळेना. मी "पुरे!" म्हणून ओरडले. माझा तो आवाज अस्सल नागपूरचा होता.

परतताना साहेब मागच्या सीटवर तेच म्हणत होते. घरी हॉलमधल्या खुर्चीत बसवलं, तरी तेच. मग डाव्या हाताने दाराची काच थोपटायला लागले. बाई माझ्याबरोबर बाहेर आल्या, मला निरोप द्यायला, आणि पायरीवरच थांबल्या. नाक लाल, डोळ्यांच्या फटी झालेल्या, दुपारभर त्या हिरवळीत बसून घसा पार गेलेला. आतून थोपटणं चालूच होतं. बाहेर लख्ख ऊन. शेजारी कोणीतरी झाडांना पाणी घालत होतं.

बाईंनी मागे हात नेऊन दार ओढून घेतलं. कार्डिगन सरळ केलं. माझ्या बांगडीवर रुमाल आवळताना झाला होता तसा चेहरा झाला त्यांचा, कामाचा. माझ्याकडे त्यांनी बघितलं नाही. मग दार धाडकन उघडून त्या आत शिरल्या आणि योहेई म्हणाला, "आलो!"

म्हणजे म्हणायला गेला. अर्ध्यात आवाज फाटला. सुरुवात आठ वर्षांच्या पोराची आणि शेवट घोगरा, जाड, कुठल्या कुठे घसरलेला. बाईंनी तोंडावर हात ठेवला. इतक्या वर्षांत असा टेक त्यांच्याकडून गेला नसेल.

साहेबांचं थोपटणं थांबलं. त्यांनी बाईंकडे बघितलं, बराच वेळ, भुवया आवळून. मग काहीतरी म्हणाले. त्यांची ठरलेली वाक्यं मला कानाने पाठ झाली होती. हे त्यातलं नव्हतं. आणि एका सुरातही नव्हतं. मी दार हळूच लावून घेतलं आणि निघून आले.

सोमवारी दुपारी मी त्यांना घ्यायला गेले. रेकॉर्डिंग होण्यासारखा घसा नव्हताच, ग्रॅहमला मी ते सांगूनही टाकलं होतं, पण बाई तयार होऊन उभ्या होत्या, म्हणून निघालो. वाटेत त्या पिचलेल्या आवाजात म्हणाल्या, "परवा ते म्हणाले, 'आवाज फुटला की तुझा.'"

मी गाडी कडेला घेतली.

"मालिकेत योहेई आठाच्या पुढे गेला नाही," त्या म्हणाल्या. "आठ वर्षांचा मी दिला. तो तिचा. पण हा मोठा झालेला... हा कोणाकडेच नव्हता. मी कोणाला दिला नव्हता, मला कोणी दिला नव्हता." त्या थांबल्या, खोकल्या. "काल संध्याकाळी परत गेले दारातून. याच घशाने. याची वाक्यं लिहिलेली नाहीत, त्यामुळे त्यांना पाठ नाहीत. शोधावी लागतात. शोधत होते, एकेक शब्द. मग मला जवळ बोलावलं. हनुवटी धरून उजेडाकडे वळवली. म्हणाले, 'बस. दाढी.'"

आयुष्यभर इंजिनियर म्हणून जगलेला माणूस. वस्तरा बाईंनी चटकन लपवला, म्हणाल्या. पण ब्रश आणि साबणाची वाटी आणून दिली. साहेबांनी डाव्या हाताने फेस केला आणि बाई खुर्चीसमोर जमिनीवर बसल्या.

तेव्हा मला दिसलं. त्यांच्या कानाखाली, जबड्याच्या कडेला, साबणाचा एक पांढरा ओघळ वाळून राहिला होता.

"बाई, साबण राहिलाय इथे," मी म्हटलं आणि रुमाल पुढे केला.

त्यांनी रुमाल घेतला. डोळे पुसले, नाक पुसलं, आणि त्याची घडी करून मांडीवर ठेवली. कानाला हात लावला नाही.